धोंडुबाईची गाठ

एडिनबरा, ११ ऑगस्ट २००३

ती. आई,

इतक्या लांबून तुला आणि दादांना जयभीम. मी बरी आहे, रोज भात शिजवून खाते. म्हैस व्याली का?

शेजारच्या धोंडुबाईच्या छातीत गाठ आलीय, औषध कळव, असं तू लिहिलंस. आई, मी औषध देणारी डॉक्टर न्हवं की. एका पेशीच्या दोन होताना तिला दोन्ही बाजूंनी ओढणारे दोन बारीक ठिपके असतात, त्यांना सेंट्रोसोम म्हणतात. कॅन्सरच्या पेशीत ते बऱ्याचदा जास्त असतात. ते जादाचे कसे तयार होतात, एवढंच मी मायक्रोस्कोपमधून बघते.

प्रत्येक गाठ कॅन्सरची नसते. पण ते तपासूनच कळतं, पत्रावरून नाही.

धोंडुबाईचं नुसतं डोकं दुखलं तरी गल्लीभर होतं. मी गल्लीतल्याच रूपालीवहिनीला फोनवर विचारलं, तर तिला या गाठीचं काहीच ठाऊक नव्हतं.

हे पत्र मिळालं की वहिनीला सोबत घे आणि कोल्हापूरच्या मोठ्या दवाखान्यात जा. दादांना मी काही बोलले नाही. केसपेपर काढताना मात्र नाव तुझंच सांग.

तुझी,
क्रांती