काठोकाठ भरलेलं तेल

बाबा, गवत कापायचं ते मशीन कशानं गळत होतं, ते मला आता कळलं आहे. तुम्ही जाऊन इतकी वर्षं झाली, तरी कळल्यापासून तुमच्यावरचा राग आवरत नाही.

दसरा झाला आणि अकोल्यात माझ्या दुरुस्तीच्या दुकानात एका मंगल कार्यालयाचं तसंच मशीन आलं. मालक वैतागलेला. "दादा, तेल गळून राहिलं. अन् धूर असा सोडते, जसं काई भट्टी पेटली!" मी आधी पेट्रोलच्या बोळ्यानं इंजिन लख्ख पुसलं, वाळू दिलं, वरून अंगाला लावायची पावडर भुरभुरली आणि चालू केलं. पावडरीवर ताजं तेल लगेच दिसतं. नाहीतर ते हवेनं सगळीकडे पसरतं आणि माणूस भलतंच पॅकिंग बदलत बसतो. वरच्या झाकणाची कड कोरडी होती, खालचं सील कोरडं. ओली होती फक्त हवेच्या फिल्टरकडे जाणारी नळी, जिच्यातून इंजिन आतली वाफ सोडतं. तेल मोजायची पट्टी काढली, तर तेल खुणेच्या कितीतरी वर; जास्तीचं तेल त्या नळीतूनच बाहेर पडत होतं.

"एवढं कोणी भरलं?"

"मीच. खंडेनवमीले पूजेत मांडलं होतं न. देवापुढं रितं कसं ठेवाव?"

हे वाक्य तुमचं होतं, बाबा. अमरावतीला साहेबांच्या बंगल्याच्या बागेत तुम्ही माळी होता. मी गावच्या शाळेतून दसऱ्याच्या सुटीत तुमच्याकडे आलेलो. पूजेचं कुंकू अजून मशीनवर आहे, आणि खाली फरशीवर तेलाचा डाग वाढतो आहे. कापलेलं गवत गोळा करणाऱ्या मावशी बाजूला उभ्या आहेत. त्या बौद्ध वस्तीतल्या, हे तुम्ही कधी विसरला नाहीत. साहेबांसमोर तुम्ही बोट दाखवून म्हणता, "पूजेच्या मशीनले हिनं हात लावला. तवापासून गळून राहिलं."

मावशी कमरेवर हात ठेवून म्हणाल्या, "माह्या हातानं तेल निघते तं मी घाणी टाकली असती न, माळीबुवा! गवत काहून येचलं असतं?" ड्रायव्हर हसला, साहेबही हसले. तुम्ही हसला नाहीत. संध्याकाळी मावशींचं काम सुटलं. घरी तुम्ही शेवटपर्यंत सांगत राहिलात, "ती गेली अन् मशीन सुधरलं." मी ते खरं मानलं.

मालकाच्या मशीनमधलं जास्तीचं तेल मी काढलं, फिल्टर बदलला. मशीन धूर न सोडता चालू लागलं. मग रविवारी बस धरून मी वलगावला गेलो. मावशी तिथे लेकीकडे असतात, खूप थकल्या आहेत. मला वाटत होतं, तुम्हाला कळलं नव्हतं असं सांगावं आणि तुमच्या वतीनं माफी मागावी.

त्यांनी सगळं ऐकून घेतलं. "कळलं नव्हतं? पोरा, मी दुसऱ्या दिवशी माहा इळा न्याले आलती. तुहा बाप मांगं बसून मशीनचं तेल डब्यात काढून राह्यला होता. मले पाह्यलं अन् मान खाली घातली."

"मग तुम्ही साहेबांना सांगितलं का नाही?"

"मले कोणं इचारलं?" त्या म्हणाल्या, आणि लेकीला चहा ठेवायला सांगितला.

न कळण्याला मी माफ केलं असतं, बाबा. मीही खंडेनवमीला दुकानातले पाने-पकडी पूजेत मांडतो, देवापुढे रोज बसतो. पण तुम्हाला कळलं होतं. स्वतःच्या हातानं तेल काढलंत, आणि तरी विटाळाची गोष्ट तशीच चालू दिलीत. एका बाईच्या पोटावर पाय दिलात आणि नाव देवाचं घेतलंत. त्या माउलीनं मला चहा पाजला, साखर पुरे झाली का विचारलं.

हे पत्र टाकायचं कुठे? घडी करून ठेवून देईन. वलगावहून आल्यापासून संध्याकाळी दिवा लावतो तेव्हा शेजारच्या तुमच्या फोटोला हात जोडत नाही. फोटो मात्र उतरवलेला नाही. बायको विचारेल, आणि तिला खरं सांगायची मला लाज वाटते.