थोडासा जास्त उजेड

९ फेब्रुवारी १९९४

चुकलं! नाही — चुकलं कसलं, वाचवलं मी त्याला. तमिळ मुलखातल्या आमच्या ह्या मराठी घरात देवनागरी माझ्याखेरीज कुणाला येत नाही, म्हणून इथं लिहितो.

लुडगर विस, जर्मन कॅमेरामन, वय अडुसष्ट. मी त्याचा असिस्टंट. समोरच्या दुकानात तासाभरात रंगीत फोटो मिळायला लागले, माझ्या स्टुडिओत कुत्रं फिरकत नाही — म्हणून ही नोकरी. म्हातारा उजेड मोजायचं मीटर बघतच नाही! हाताची पाठ उजेडात धरतो, डोळे बारीक करतो, आकडा सांगतो. त्या आकड्यावर भिंगाची, उजेड कमीजास्त करायची कडी मी फिरवायची. तीन दिवस मुकाट्यानं फिरवली, फिल्मचे तीन डबे भरले. आज तिरुवैयारूला, ज्यांच्यावर हा सिनेमा त्या कमलाक्षीमामी वीणा शिकवायला बसल्या, मागं काळोखी खोली — आणि आकडा असा, की मामींच्या तोंडाचा कोळसा व्हावा! ह्याला दिसत नाही. नक्कीच. हळूच कडी एक खूण जास्त उघडली.

११ फेब्रुवारी

आज दोन खुणा.

१४ फेब्रुवारी

काफी पिताना विचारलं, मीटर का नाही? म्हणाला, ‘लढाईनंतर मीटर घ्यायची ऐपत कुणाची? फिल्मच्या उरल्यासुरल्या तुकड्यांवर शिकलो.’ चाळीस वर्षं दुसऱ्यांच्या हाताखाली. पडद्यावर नाव आलं तर शेवटी, लोक उठून गेल्यावर. ‘हा पहिला सिनेमा पूर्ण माझा. शेवटचाही.’ आणि हसला! मी माझी काफी तशीच ठेवली.

डायरेक्टर जयलक्ष्मीबाईंनी परवाच गाठलं होतं — ‘भीमसेनराव, त्यांचे डोळे नीट आहेत ना? नसतील तर दुसरा माणूस आणते.’ ‘आहेत हो!’ म्हणालो. धडधडीत खोटं.

१५ फेब्रुवारी

अलमेलु म्हणते, ‘ऐकलंत का, दोन घास तरी खा.’ बायकोला काय सांगू! तीस वर्षं लग्नाचे फोटो काढले. प्रत्येक नवरीच्या आईचं एकच — ‘तोंड उजळ येऊ दे हो!’ एकीचीही तक्रार नाही. मला उजेड कळतो. कळतो ना?

१७ फेब्रुवारी

दहा डबे बसनं मद्रासला गेले, धुवायला. देवा ऐयारप्पा, लाज राख!

२१ फेब्रुवारी

लॅबचा फोन. पहिले तीन डबे — लॅबवाला म्हणे, असं काम उभ्या जन्मात बघितलं नाही. काळोखातून चेहरा हळूहळू वर येतो. उरलेले सात पांढरे फटक. सातही माझे.

जयलक्ष्मीबाईंनी म्हाताऱ्याकडे बघितलं. म्हाताऱ्यानं माझ्याकडे. मग म्हणाला, ‘माझे डोळे गेले.’ मी तिथंच उभा. कॅमेरा पुसत!

बाईंनी दुसरा माणूस बोलावला; म्हाताऱ्याची परतीची गाडी पाचची. आता तीन वाजलेत. चपला घातल्या, कडीचं सांगायला बाईंकडे निघालो.