थार्मच्या भिंतीला दिलेली साद

बर्फवितळ महिना, दिवस पहिला
थार्मला पोचलो एकदाच्या! वर तळं, खाली घरं आणि मधे ती प्रचंड भिंत. तिला साद घालून उभं ठेवायची नोकरी आता माझी. येलूचे वडील गेल्यापासून आम्ही दोघीच. कुठंतरी रुजायला हवंच होतं. येलू सहा वर्षांची, पण अख्खी चढण तिनं खेचरावर बसून त्या खेचरालाच गोष्टी सांगितल्या. शेजारच्या हस्सीकाकूंनी जवाची पेज आणि धुरावलेला मासा आणून दिला. भिंत चाळीस वर्षं पाझरते आहे म्हणे, त्यामुळे घराघरात ओल आहे आणि लोक घरातही खडावा घालतात. मला गाव आवडलं.

दिवस तिसरा
आज कामावर रुजू झाले. आमचा मुख्य म्हातारा बोर्खन. भिंतीशी बोलायची इथली ऊम्रा भाषा आमच्याकडच्या मेळ्वा बोलीसारखीच, ओठ मिटून घशातून बोलायची. तीत प्रत्येक गोष्टीची, प्रत्येक जिवाची आपली अशी एक साद असते; ज्याची साद अचूक निघेल ते हलतं, जवळ येतं. फक्त भिंतीला दिलेली साद भिंतीचीच होऊन जाते. नव्या माणसानं पहिल्या दिवशी तिला एक साद अर्पण करायची असते.

आमच्याकडे पहिला मान जिवापाड जपलेल्या गोष्टीचा. उष्टं-खरकटं कोण देतं? मी डोळे मिटून येलूची साद दिली. सगळे गप्प झाले. भारावले असतील, असं मला वाटलं.

संध्याकाळी हस्सीकाकू सांगत होत्या की बोर्खननं त्याच्या वेळी किडक्या दाढेची साद दिली होती आणि त्यांनी स्वतः, भिंतीच्या कामावर होत्या तेव्हा, सासूच्या मारक्या बकरीची. मी पोट धरून हसले. दाढेचं पुढं काय झालं, असं विचारलं. ती आठवड्याभरात तोंडातून नाहीशी झाली, म्हणाल्या. मग येलूकडे पाहिलं आणि रिकामं भांडं उचलून निघून गेल्या.

दिवस सातवा
पाझर पूर्ण थांबला आहे. गावभर वाळवणं पडली आहेत. रस्त्यानं जाता-येता लोक मला हात जोडतात.

येलू सकाळी घरात नव्हती. भिंतीला गाल लावून उभी होती. आत तिच्या ओळखीचं कुणीतरी आहे, म्हणाली. तिला ओढून आणलं. गाल पुसला तर बोटांना चुना लागला. मी काय करून बसले आहे ते मला कळलं आहे. दाढ, बकरी आणि माझी पोर.

दिवस नववा
बोर्खनचे पाय धरले. दिलेली साद परत घेता येते, म्हणाला. जिनं दिली तिनंच ती शेवटाकडून सुरुवातीकडे म्हणायची, लागोपाठ तीन पहाटा. पण साद सुटली की पाझर पुन्हा सुरू. मी म्हटलं, होऊ दे. त्यानं पाय सोडवून घेतले.

"पोरी, चाळीस वर्षांत पहिल्यांदा माझ्या घरात अंथरूण कोरडं आहे. नातवंडांचा खोकला थांबलाय. कोणत्या तोंडानं तुला हो म्हणू?"

आणि तो रडला. मला त्याचा गळा धरावासा वाटला.

दिवस दहावा
पहिली पहाट झाली. दगडांतून पाण्याची एक धार सुटली. येलू आज पोटभर जेवली, भांडलीसुद्धा. अजून दोनच पहाटा. हस्सीकाकू काढा घेऊन आल्या होत्या. "एवढी साद घालून घसा बसेल गं तुझा, पिऊन टाक." माया आहे बाईत.

दिवस अकरावा
आवाज नाही. बसलेला नाही — नाहीच. दोन वाट्या प्यायले, माझ्या हातानं.

काकू दाराशी आल्या. "माझं लेकरू दम्याचं आहे गं," एवढंच म्हणाल्या. मान वर केली नाही.

दिवस बारावा
येलूला माझ्या कमरेला दोरानं बांधून घेतलं होतं. डोळा लागला. दोर तसाच आहे. गाठही तशीच. दोराच्या वेढ्यात कुणी नाही —

भिंतीवर नखं मोडली. तोंड उघडते, नुसती हवा येते. देवा, एकदा आवाज दे, मग जीव घे.

दिवस तेरावा
ती आतून बोलावते आहे. माझी साद तिला कुठली माहीत? लेकरं घालतात तीच घालते — आईची. सगळ्यांच्याच आईची. आतून ती साद फार मोठी होऊन येते. माझे पाय आपोआप —

दिवस चौदावा
सकाळी साऱ्या गावच्या लेकुरवाळ्या बायका भिंतीपाशी आल्या. कुणाच्या हाताला पीठ, कुणाच्या हातात डाव. हस्सीकाकू माझ्या शेजारीच. कपाळं दगडाला टेकलेली. कुणाला मागं फिरता येत नाही. बोर्खन सुनेला कमरेला धरून ओढतो आहे. माझ्याकडे बघून हात जोडतो, येलूला गप्प कर म्हणतो. कशानं करू?

त्यांची लेकरं मागं उभी राहून रडताहेत. तीच साद, आई, आई. म्हणून त्या थबकल्या आहेत — काकूंचं एक पाऊल मागं पडलं —

माझ्या मागं कुणीच नाही. माझी एकच, आणि ती आत.

भिंतीत गुडघ्यापर्यंत गेले. लिहिता हात बाहेर आहे. दुसरा तिनं धरलाय. किती गार पडलीस गं येलू, थांब, आले, मी