सरदारीणबाईंची वार्षिक तपासणी

फोर्से बेट,
ता. ६ एप्रिल १९९४

चि. इश्बेल हिला सॉर्लीदादाचे अनेक आशीर्वाद. वि. वि.,

तब्येत ठणठणीत आहे हे आधीच सांगून टाकतो, नाहीतर तू सगळं पत्र सोडून शेवटच्या ओळीत औषधाचं नाव शोधत बसशील. गुडघा कुरकुरतो, पण तो पाऊस यायच्या आधी कुरकुरतो, आणि इथे पाऊस रोजच, त्यामुळे मी त्याचं ऐकणं सोडून दिलंय.

मुद्द्याचं असं की, आमच्या गाडीच्या, म्हणजे सरदारीणबाईंच्या, तपासणीची वेळ जवळ आली. दरवर्षी एकदा गाडी नेऊन दाखवायची, ब्रेक, दिवे, टायर, धूर, सगळं तपासून घ्यायचं, असा सरकारचा कायदा आहे. त्याला मी काय करणार? तेव्हा नेहमीसारखी डॅल्ग्लीशच्या गॅरेजात जाऊन मे महिन्यातली तारीख घेऊन ठेव. बुधवार बघ. मी मंगळवारच्या बोटीने निघेन आणि ओबानहून गाडी हाकत दिवेलागणीपर्यंत क्रीफला तुझ्या दारात येईन. परत येताना गुरुवारची बोट मिळते, हे तू दरवर्षी ऐकवतेस ते माहीत आहे. पण तपासणीनंतर इंजिनाला दोन दिवस विश्रांती द्यावी लागते. शनिवारीच निघेन.

बाईंचं म्हणशील तर, माझ्या बाजूचा दरवाजा आता फक्त बाहेरून उघडतो. मी पलीकडून सरकत सरकत उतरतो. चर्चसमोर उतरलो की लोक थांबून बघतात. खाली भोक पडलं होतं तिथे बिस्किटाच्या डब्याचं झाकण ठोकलंय. मागच्या सीटवर तांबडी कोंबडी अंडी घालते. तिला उठवायचं माझ्या जिवावर येतं.

दुःखाची बातमी म्हणजे शेजारचा आर्ची मॅकफी मार्चअखेरीस गेला. आम्ही चौघांनी त्याला खांदा दिला, खांदा बदलायला पाचवा मिळेना. आता बेटाच्या या अंगाला रात्री दिवा लागतो तो माझाच. दुकानातली पेगी म्हणते, इकडे पोस्टाजवळ राहायला या. मी म्हटलं, मग मेंढ्यांशी भांडायचं कुणी?

तारीख कळव. लोभ आहे तेवढाच असू दे. वाढवलास तर फेडता फेडता माझ्या नाकी नऊ येतील.

तुझा,
सॉर्लीदादा


क्रीफ,
ता. १५ एप्रिल १९९४

ती. दादास इश्बेलचा शि. सा. न. वि. वि.,

आर्चीचं वाचून फार वाईट वाटलं रे. लहानपणी मी खेकड्याला घाबरू नये म्हणून त्यानेच माझ्या हातात खेकडा दिला होता, मेल्याने! आता हसू येतं आणि डोळ्यांत पाणीही येतं.

पण दादा, मी आज तुला अशी बातमी देणार आहे की तू टोपी उडवशील. तुझं पत्र मिळालं त्याच दिवशी डॅल्ग्लीशकडे गेले, तारीख घेतली, चवथा बुधवार मिळाला. लिहिता लिहिता तो सहज म्हणाला, तुमचे बंधू इकडे आणखी कुठे कुठे गाडी फिरवतात? मी म्हटलं, कुठेच नाही, बेटावरून निघतात ते थेट इथे येतात आणि इथून थेट बेटावर. तर तो पेन खाली ठेवून हसायलाच लागला. म्हणाला, बाई, मग त्यांना तपासणी कशाला? ज्या लहान बेटांना पूल नाही, तिथल्या तिथेच फिरणाऱ्या गाड्यांना हा कायदा लागूच नाही! त्याने मला नियमांचं पुस्तक काढून दाखवलं. तुझ्या बेटाचं नाव आहे त्यात, मी स्वतः बोट ठेवून वाचलं.

काय म्हणावं तुला! शेजाऱ्याच्या कुंपणाची लांबी कायद्यानं मोजणारा माणूस तू, आणि एवढं माहीत नाही? दिव्याखाली अंधार म्हणतात तो हाच. एवढी वर्षं बोटीचं भाडं, पेट्रोल, तो घाटातला रस्ता, आणि डॅल्ग्लीशची डागडुजी. नाकापेक्षा मोती जड! मी तिथल्या तिथे त्याला तारीख खोडायला लावली. सुटलास बाबा एकदाचा. आता आरामात घरी बस.

इकडे सगळं ठीक. व्हँकुव्हरहून एल्स्पेथचा रविवारी फोन येतो. नातवाला माझा आवाज ओळखता येतो असं ती म्हणते; मला वाटतं माझं मन राखायला म्हणते. नवऱ्यामागे, वॉल्टर गेल्यापासून, मी बाहेर जाताना रेडिओ चालूच ठेवते. परत आल्यावर घरात कुणीतरी बोलत असलं की बरं वाटतं, मग ते मासळीचे भाव का सांगत असेना.

ओट्सची भाकरी नुसती चहात बुडवून जेवण झालं म्हणू नकोस. धाकटीवर लोभ ठेव, आणि कोंबडीला माझा नमस्कार सांग.

तुझी,
इश्बेल


फोर्से बेट,
ता. २६ एप्रिल १९९४

चि. इश्बेल हिला आशीर्वाद. वि. वि.,

तुझं पत्र पोचलं. माहिती कळवल्याबद्दल आभारी आहे. डॅल्ग्लीशलाही माझ्याकडून आभार सांग. खर्च वाचला, हे बरंच झालं.

कोकरं चांगली निपजली. वारा आहे. मे महिन्यात इथे कामंही पुष्कळ असतात, त्यामुळे जमलं असतं की नाही कोण जाणे.

उत्तराची घाई नाही. लोभ असेलच.

सॉर्ली


क्रीफ,
ता. २४ मे १९९४

ती. दादास शि. सा. न. वि. वि.,

रागावलास का? एवढंसं पत्र तू आजवर फक्त विमा कंपनीला लिहिलंस. खाली नुसतं सॉर्ली? माझा दादा कुठे गेला? महिनाभर मी स्वतःची समजूत घालत होते की मेंढ्यांच्या गडबडीत असशील. पण आज राहवत नाही.

आज मंगळवार. उद्याची तुझी तारीख होती. सकाळी बाजारात गेले तर हातांनी आपोआप दोन धुरी दिलेले मासे घेतले. घरी येऊन मागच्या खोलीतली चादर बदलली, उशी उन्हात टाकली, आणि मग आठवलं की कुणी यायचंच नाहीये. दुपारी रस्त्यावर ते तुझ्या गाडीसारखं फटफट आणि खोकणं ऐकू आलं. मी पिठाच्या हातांनी दारात धावले. पाववाल्याची व्हॅन होती. तो म्हणाला, काय हवंय आजी? मी त्याला नको असलेला पाव घेतला.

तो पाव तसाच टेबलावर टाकून मी डॅल्ग्लीशकडे गेले. का गेले ते मलाही सांगता येणार नाही. तो म्हणाला, मागच्या आठवड्यात फोर्सेवरची एक मास्तरीणबाई त्याच्याकडे जुनी गाडी बघायला आली होती. तिला त्याने तुझी गोष्ट हसत हसत सांगितली, तर ती म्हणाली, अहो, बेटावर एकाही गाडीची तपासणी होत नाही, आणि हे तिथल्या शेंबड्या पोरालासुद्धा माहीत आहे. मग डॅल्ग्लीश म्हणाला, बाई, तपासणी न झालेली गाडी इकडच्या रस्त्यावर आणायला एकच सवलत आहे. आधी तारीख ठरवलेली असली, तर त्या तपासणीला जाण्यापुरती ती आणता येते.

दादा रे दादा!

तुला सगळं माहीत होतं. तू गाडी दाखवायला येतच नव्हतास. तू मला भेटायला येत होतास. ती तारीख म्हणजे तुझं निमित्त होतं, आणि मी ते माझ्या हाताने खोडायला लावलं, वर सुटलास म्हणून तुलाच कळवलं! कसली रे मी बहीण? आणि तू तरी कसला भाऊ? इश्बेल, तुला भेटावंसं वाटतं, एवढं लिहायला काय शाई संपली होती? पण तुला तरी काय बोलू. आपलं घरच तसं. मी नोकरीला निघाले तेव्हा बाबा मला पोचवायला धक्क्यावर आले, तेसुद्धा बटाट्याचं पोतं आणायचंय म्हणून. बोट दिसेनाशी होईपर्यंत ते पोतं खांद्यावर घेऊन उभे होते.

बरं, रडून झालं. आता ऐक. मी नवी तारीख घेतली आहे, बुधवार, ८ जून. मंगळवारच्या बोटीने ये. डॅल्ग्लीशकडे धूर मोजायचं यंत्र आहे, गाडीच्या शेपटीत नळी घालतात आणि आकडा बघतात. तो म्हणाला, यंदा त्याच्यापुढे सरदारीणबाईंचं काही खरं नाही, नापासच होणार. मी म्हटलं, देव तुझं भलं करो! नापास झालेली गाडी पुन्हा आणावी लागते ना? मग जूनमध्ये नापास होऊ दे, जुलैत नापास होऊ दे. इंजिनाला विश्रांती किती द्यायची ते मी ठरवीन.

लगेच उत्तर लिही. तुझ्या लोभावर नव्हे, तुझ्यावर हक्क सांगणारी,

इश्बेल


फोर्से बेट,
ता. ३० मे १९९४

चि. इश्बेल हिला तुझ्या मूर्ख दादाचे अनेक आशीर्वाद. वि. वि.,

तुझं पत्र परवा शनिवारच्या बोटीने आलं. पंधरा दिवस आधी आलं असतं तर बरं झालं असतं. पण आता लिहायला बसलोच आहे, तर सगळं लिहितो.

सरदारीणबाई गेल्या. वर्षातून एकदा भंगार नेणारा मोठा तराफा बेटावर येतो, तो या महिन्याच्या मध्यावर आला. क्रीफला जायचं नाही तर गाडी हवी कशाला? दुकानापर्यंत मी चालत जातो. कोंबडीला उचलून बाजूला ठेवलं, किल्ली त्या माणसाच्या हातात दिली आणि घरी आलो. त्याने तिला साखळीने वर उचललं तेव्हा बघत थांबलो नाही.

आणि होय, मला माहीत होतं. पहिल्या वर्षापासून. वॉल्टर असताना मी वर्षातून एकदा आलो काय, न आलो काय, तुझं घर भरलेलं होतं. तो गेल्यावर तुझं पत्र आलं होतं, सगळं नीट चाललंय म्हणून. अक्षर नीट नव्हतं. म्हटलं, जाऊन बघून यावं. पण काय सांगून यायचं? मग कायदा आठवला. तू दार उघडायचीस, मी म्हणायचो, आलो बाई, सरकारने बोलावलंय. तू म्हणायचीस, पाय पूस. झालं. पुढचं सगळं सोपं असायचं.

आता तुला न सांगता केलेली गोष्ट सांगतो. तुझं पत्र यायच्या आधी, गेल्या गुरुवारी, मी तुझ्याकडे यायला निघालो होतो. चांगला कोट घातला, पेगीला म्हटलं ओबानला दातांचं काम आहे, आणि बोटीत बसलो. ओबानला बसच्या थांब्यावर गेलो. बस आली. दार उघडलं. ड्रायव्हर म्हणाला, कुठे, आजोबा? इश्बेल, मला क्रीफ म्हणता येईना. तू दार उघडशील आणि विचारशील, काय रे, आज कसा काय? त्याला मी काय सांगणार, हेच मला सुचेना. ड्रायव्हर बराच वेळ थांबला, भला माणूस होता. मी म्हटलं, जाऊ द्या, माझी नव्हे ही बस. संध्याकाळपर्यंत धक्क्यावर बसून राहिलो आणि त्याच बोटीने परत आलो. पेगीने विचारलं, दात काढला का? मी हो म्हटलं. तिने मला पेज पाठवली.

बाई गं, मला करमत नाही. हा शब्द लिहायला मी आधी दोन कागद फाडले. दिवसा मेंढ्या आहेत, कुंपण आहे, वाऱ्याशी भांडण आहे. संध्याकाळी खिडकीतून आर्चीचं घर दिसतं, आणि तिथे दिवा लागत नाही. मी कधी कधी मोठ्याने तुला शिव्या देतो, निदान आवाज तरी होतो.

तेव्हा आठ तारीख रद्द कर. गाडीच नाही तर तपासणार काय? डॅल्ग्लीशला पुन्हा त्रास दिल्याबद्दल क्षमा माग. तुझ्यावर राग नाही, तसा कधी नव्हताच.

तुझा,
दादा


क्रीफ,
ता. ३ जून १९९४

ती. दादास शि. सा. न. वि. वि.,

पोस्ट बंद व्हायला आलंय, म्हणून थोडक्यात लिहिते.

मंगळवारी, सात तारखेला, मी ओबानच्या धक्क्यावर असेन. पहाटेची बस पकडून येते. माझ्या दारात काय सांगायचं याची चिंता करू नकोस, तिथे माझं दारच नसेल. बोटीच्या नुसत्या पायऱ्या आहेत, त्या उतरून ये. काही बोलू नकोस. ड्रायव्हरला क्रीफ मी सांगीन.

आईला माती देऊन परतले, त्यानंतर मी त्या बोटीत पाय ठेवलेला नाही. तिच्याशिवायचं ते घर बघायची हिंमत नव्हती, म्हणून तुलाच दरवेळी इकडे यावं लागलं आणि मी एकदाही आले नाही. मलाही करमत नाही रे दादा. रेडिओ लावून किती दिवस काढायचे?

सगळे उतरेपर्यंत मी वाट बघीन. तू दिसला नाहीस, तर संध्याकाळच्या बोटीत मी चढेन.

तुझी,
इश्बेल