कारळं फुलायच्या आधी

तात्या,

शेजारच्या मावशींनी तुम्हाला एक निरोप कळवायला सांगितला आहे, म्हणून लिहिते. तुम्ही आता या जगात नाही हे त्यांना माहीत आहे आणि मलाही. पण काल त्या म्हणाल्या, "तुमी शिकलेल्या, तुमीच लिव्हा त्यांना," आणि आज मी कागद घेऊन बसले. निरोप शेवटी लिहिते. आधी तो कशाबद्दल आहे ते लिहिलं पाहिजे, कारण ती गोष्ट आपण दोघांनीसुद्धा कधी पुरती बोललेली नाही.

वेल्ह्याच्या आपल्या स्वयंपाकघराची मागची भिंत मावशींच्या अंगणाला लागून होती. त्या भिंतीत कुणीतरी पूर्वी बियाणं ठेवायला एक मडकं आडवं बसवलं होतं, आणि त्यात सातेरी जातीच्या मधमाश्या येऊन राहिल्या होत्या. झाकण आपल्या चुलीच्या बाजूला, माश्यांची ये-जा करायची फट मावशींच्या अंगणात. तुम्ही वर्षातून एकदाच, वरच्या उतारावरचं मावशींचं कारळं फुलून झालं की झाकण काढायचात. कडेची दोन पोळी घ्यायची, बाकीची हलवायचीही नाहीत. मधाची पहिली वाटी मावशींच्या घरी जायची. "माश्या त्यांच्या रानात चरतात, पहिली वाटी त्यांची," असं तुम्ही म्हणायचात. वाटी घेऊन मी जात असे. मावशी ती रिकामी परत देत नसत. कारळ्याची चटणी भरून देत आणि म्हणत, "ये पोरी, मास्तरांना सांग, औंदा मिरची जरा जास्तीच पडलीया." ती दर वर्षी जास्तीच पडलेली असे.

मी कॉलेजात गेले तेव्हा तुम्ही मला भिंग दिलंत. शाळामास्तराच्या पगारातून ते कसं घेतलंत हे मी विचारलं नाही. दुसऱ्या वर्षी आम्हाला कीटकांचा संग्रह करायला सांगितला होता. त्या वर्गात मुलगी मी एकटीच होते आणि माझा संग्रह सर्वांत चांगला झाला पाहिजे, यापलीकडे मला काही सुचत नव्हतं. फुलपाखरं आणि भुंगे सगळेच आणणार होते. मला मधमाशीची राणी, नर आणि कामकरी असा पूर्ण संच हवा होता. गणपतीच्या सुट्टीत मी घरी आले. एके दिवशी उजाडताना तुम्ही नदीवर गेला होतात. मी मागून जाऊन फट चिखलाने लिंपली, शेगडीतल्या निखाऱ्यांवर गंधक टाकलं आणि झाकण उघडून धूर आत सोडला. भिंतीतून पाऊस पडल्यासारखा आवाज येत होता. तो हळूहळू कमी झाला. मग मी मडक्यातली पोळी सुपात काढून घेतली आणि मेलेल्या माश्यांच्या ढिगातून राणी शोधत बसले. काही माश्या नुकत्याच कोषातून बाहेर आलेल्या, फिकट, अंगावर लव असलेल्या होत्या. त्या मी बाजूला सारत होते.

तुम्ही परत आलात तेव्हा राणी माझ्या तळहातावर होती. ती मी तुम्हाला दाखवली. तुम्ही सुपाकडे पाहिलंत, ओलं धोतर तसंच हातात धरून उभे राहिलात आणि म्हणालात, "मावशींचं कारळं आठ दिवसांत फुलायला लागेल." एवढंच. मी इतकी शिकलेली होते की हे रागावणं आहे हेसुद्धा मला समजलं नाही. मला वाटलं, तुम्ही विषय बदलताय.

कारळ्याच्या फुलाला स्वतःच्या झाडाचा पराग चालत नाही, दुसऱ्या झाडाचाच लागतो. तो चिकट असतो, वाऱ्यावर उडत नाही. कुणीतरी तो अंगावर घेऊन या फुलावरून त्या फुलावर गेलं पाहिजे. हे आता मी दर वर्षी वर्गात सांगते. शेणकिडा नसेल तर कुरणं शेणाखाली जातील, वाळवी नसेल तर जंगलात पडलेलं लाकूड तिथेच पडून राहील, माशी नसेल तर फूल नुसतंच फूल राहील, हेही सांगते. तेव्हा मात्र दिवाळीच्या सुट्टीत मी मावशींच्या शेतात गेले आणि त्यांनी एकेक बोंड चुरून मला दाखवलं. निम्म्याहून जास्त पोकळ. हातात भुसा राहत होता. कडेवरच्या मुलीला सावरत त्या म्हणाल्या, "लई पिवळं झालं व्हतं गं रान. आन् आत काय बी न्हाई." त्या वर्षी पाऊसही लांबला होता, हे मी पुढे कितीतरी वेळा स्वतःला बजावलं. असेलही. पण डोंगराच्या त्या अंगाला जवळ दुसरं मोहोळ नव्हतं आणि ते मला माहीत होतं. त्यांचं वर्षाचं तेल त्याच उतारावरून यायचं. तो सबंध हिवाळा त्यांच्या घरी फोडणीचा वास आला नाही.

मावशींनी विचारलं तेव्हा तुम्ही सांगितलंत, "माश्या चावायला लागल्या होत्या, मीच धूर केला." मी दारातच उभी होते. माझ्या संग्रहाला पहिला क्रमांक मिळाला. मावशी पुन्हा आपल्या उंबऱ्याच्या आत आल्या नाहीत. तुम्ही गेलात तेव्हा सगळं गाव आलं, त्या आल्या नाहीत. लोक त्यांना नावं ठेवत होते. मी तेही ऐकून घेतलं.

या जूनमध्ये त्या भोरला माझ्या शाळेत आल्या. नसरापुरापर्यंत बैलगाडीने आणि पुढे मोटारीने. शाळेत घालून माझ्याकडे ठेवायची म्हणून बरोबर नात होती, तेव्हा कडेवर होती त्या मुलीची मुलगी. आता त्या मला पोरी म्हणत नाहीत, बाई म्हणतात. नातीला बाकावर बसवून म्हणाल्या, "बाई, येक बोलायचंय. मास्तरांवर म्या लई वर्सं राग धरला. मेल्या मान्साचा राग पोटात ठिवून त्याच्याच लेकीच्या हाती पोर कशी द्यावी? म्हून सोडला म्या. माफ केलं त्यांना." मग म्हणाल्या, "पर माश्या चावत नव्हत्या, बाई. त्या भितीला टेकून म्या लेकीला पाजलंय. मास्तर खोटं का बोललं, तेवढं काय कळलं न्हाई."

मी दाखल्याचं पुस्तक पुढे ओढलं आणि मुलीचं वय विचारलं.

त्यानंतर तीन महिने गप्प राहिले. मुलींनी खोटं बोललेलं मला चालत नाही, हे सबंध शाळेला माहीत आहे. ती मुलगी पहिल्या बाकावर बसते. गेल्या आठवड्यात कारळ्याच्या फुलाचा धडा झाला तेव्हा ती उठून म्हणाली, "बाई, आमच्या आजीच्या अंगणात पयलं भितीत माश्या व्हत्या. आजी अजून त्या भोकाम्होरं पाणी ठिवती." मी तिला खाली बसायला सांगितलं. पुढचा धडा झाला नाही.

शाळेच्या मागे मी सातेरीची एक पेटी पाळली आहे. गणपतीची सुट्टी लागली, तशी मी तिचं दार जाळीने बंद केलं, बैलगाडीत पेंढ्यावर ठेवली आणि मुलीला घेऊन वेल्ह्याला गेले. आत काय आहे हे कळल्यावर गाडीवान गाडीत बसेचना. बैलांच्या पुढे बरंच अंतर राखून चालत राहिला. मावशींच्या अंगणात पेटी उतरवली आणि उभ्याउभ्याच सांगितलं, "मावशी, तात्यांनी नाही, मी मारल्या होत्या."

त्यांनी पेटीकडे पाहिलं. "कशापायी?"

"कॉलेजच्या अभ्यासासाठी."

"मंग झाला का अभ्यास?"

"झाला."

"बरं झालं," त्या म्हणाल्या. ते मला लागलं. लागायलाच हवं होतं. मग त्या ओट्यावर टेकल्या आणि रडायला लागल्या, माझ्यावर रागावून नव्हे. "म्हंजी म्या त्यांच्या मातीला सुदीक गेले न्हाई ते फुकाटच. आन् माफ केलं म्हन्ले! त्यांनी काय केलंच नव्हतं, तर म्या कोन माफ करनार? आता कुटं जाऊन सांगू त्यांना?"

तेव्हा त्या ते लिहिण्याचं म्हणाल्या. त्यांचा निरोप असा: "मास्तर, म्या चुकले. मला ठावं नव्हतं."

तात्या, चुकले मी. ते त्यांच्या तोंडून तुमच्याकडे पाठवावं लागतंय. हे पत्र कुठल्याही टपालात पडणार नाही, पण निरोप मी लिहिला, एवढं त्यांना सांगता येईल.

काल मावशींच्या हाती दिलं ते असं: सातेरीची एक पेटी, माश्यांसह, तोंड उताराकडे करून, फुलायला अजून थोडे दिवस असताना. मधाची एक वाटी, पहिली. त्यांच्या नातीकडे तुमचं भिंग.

टाचलेली राणी काचेच्या डबीत बरोबर नेली होती. तिच्या एकटीसाठी सगळं केलं, हे सांगणार होते. डबी पिशवीतून बाहेर काढली नाही. ती माझ्याकडेच आहे.