दादाचा फोन

६ जून ९९, वडीगोद्री

मी अन् धाकटा बाळ्या, सुट्टीला मामाच्या घरी. यंदा मजा न्हाई. मामाचा सुनीलदादा फौजेत, कारगिलकडं. दोन महिने झाले, पत्र न्हाई. मामा बातम्या बघत बसतो.

आज चॅनल बदललं. जुनं कार्टून, लढाईच्या टायमाचं. तीन भाचे, एक तापट मामा. भाच्यांनी फौजेच्या साहेबाचा खोटा फोन लावला. मामा सलाम ठोकून पळाला अन् डांबराच्या पिंपात पडला. बाळ्या लोळला. आमचा मामा बी हसला, जरासा. मामी म्हणली, "दात दिसले म्हणायचे तुमचे."

७ जून

घरी फोन न्हाई. हायवेवरच्या एसटीडीवर येतो, मंग कुणीतरी बोलवायला येतं. मी पळत आलो. म्हणलं, मामा, दादाचा फोन आल्ता, कट झाला, परत करतो म्हणला. वाटलं पळंल, फजिती होईल, परत हसंल.

मामा अनवाणी पळाला. भर उन्हात.

मामीनं मला धरलं. काय म्हणला रे? तोंडातून निघून गेलं, बरा हाय म्हणला. तिनं सगळ्या गल्लीत साखर वाटली.

८ जून

काल मामा अंधार पडेस्तोवर तिथंच बसून होता. बाळ्या म्हणतो, सांगून टाक. पण मामी आज पोटभर जेवली. कसं सांगू.

१० जून

मामानं मला एकट्याला विहिरीवर नेलं. वाटलं, आता चोप.

"एसटीडीवाला म्हणला, त्या दिवशी लाइन सकाळपासून बंद होती."

मी पाय धरले. मामानं मागं घेतले.

"मामीला सांगितलं?"

न्हाई म्हणलं.

"मंग नको सांगू."

मारलं असतं तर बरं झालं असतं.

१२ जून

पोस्टमन दारावरून गेला. थांबला न्हाई.

मामी रोज नवीन विचारती. जेवला होता का, थंडी लई हाय का. मी सांगून राह्यलो. बाळ्या माझ्याकडं बघत न्हाई.

आज जेवताना तिनं विचारलं, खोकत होता का? न्हाई म्हणलं. मामा ताटावर मान खाली घालून बसल्ता. भाकरीचा तुकडा हातातच. हळूच म्हणला,

"अन् आवाज कसा होता रे त्याचा?"

मामी तर ऐकायला बी न्हवती, पाणी आणायला आत गेल्ती.