उधव्याच्या काचभट्टीची वाटणी

मी, महादेव गोविंद चुरी, वय ८७, राहणार उधवा, ता. तलासरी, जि. पालघर, हे मृत्युपत्र स्वखुशीने करीत आहे. माझी बुद्धी शाबूत आहे. याबद्दल घरात दुमत असल्याने डॉक्टरांचा दाखला जोडला आहे. तरीही शंका राहिल्यास कलम चार पाहावे.

१. डहाणूच्या चिकूवाडीतला हिस्सा विकून मी इथे लोखंड ओतू लागलो, तेव्हा थोरले बंधू म्हणाले, "वाडीला नाय, तुझ्या डोक्याला आग लागलीय." मी ओतलेली पहिली कप्पी त्यांच्या मुलांना द्यावी. वाकडी आहे, पण विहिरीवर अजून फिरते.

२. पुढे काचभट्टी घातली. आसपासच्या गावांतले कंदील माझ्या काचांनी उजळले. मग वीज आली आणि आम्ही बरण्यांवर आलो. विजेचे मी काहीही देणे लागत नाही.

३. घर व शिल्लक पत्नी बकुळा हिला. कारखान्याची जागा भावेश व दीपेश या मुलांना निम्मी-निम्मी. त्यांना गोदाम बांधायचे आहे, बांधोत. अट एकच घातली होती: मी असेपर्यंत भट्टी विझू द्यायची नाही. थंडावली की आतली काच गोठते आणि मूस तडकते. दोघांनी शपथ घेतली.

४. मी अंथरुणाला खिळलो आहे. खिडकीतून भट्टीचे तोंड दिवेलागणीला लाल दिसते. "बघा बाबा, चालूच आहे," भावेश म्हणतो. जुना भट्टीवाला लहान्या म्हणतो, "शेठ, आज काच बेस निंगाली," आणि जमिनीकडे बघतो. पण भट्टीच्या भिंतीला चिकटून झोपणारी मांजर दिवाळीपासून माझ्या पायाशी झोपते. म्हणजे भट्टी थंड आहे, तिच्या तोंडात लाल बल्ब आहे. कंदील घालवणारी वीज आता माझी भट्टी झाली. मला फार राग आला. मग एका संध्याकाळी पाहिले, गुडघ्यांनी बेजार बकुळा भिंत धरत शेडकडे चालली होती. ती आत गेली आणि भट्टी पेटली. या भट्टीला ती जन्मभर सवत म्हणत आली.

५. काच फुगवायच्या माझ्या सर्व फुंकण्या लहान्याला. खोटे बोलायचे काम त्याला पुन्हा देऊ नये.

६. बल्ब बकुळाचा. तिला तो लावावासा वाटेल तोवर शेड पाडू नये. कलम चार तिला वाचून दाखवू नये.

वरील मजकूर ऐकून, समजून, खिडकीतून येणाऱ्या त्याच लाल उजेडात सही केली.

महादेव गोविंद चुरी

साक्षीदार:
१. डॉ. जयश्री राऊत, डहाणू
२. उमेश धोडी, उधवा

स्थळ: उधवा
दिनांक: १२ फेब्रुवारी २०२५